सॉफ्टवेअरचे अनधिकृत सक्रियण : स्वरूप, धोके व पर्याय

स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठाच्या नांदेड, लातूर, परभणी व हिंगोली या चार जिल्ह्यांच्या परिक्षेत्रात आज जो विद्यार्थी संशोधनास आरंभ करतो, त्याचे मुख्य उपकरण लेखणी नसून संगणक आहे, हे सांगावयास नको. प्रश्नावल्या त्यावर साठविल्या जातात, सांख्यिकी त्यावर केली जाते, नकाशे त्यावर रेखले जातात आणि प्रबंधही त्यावरच लिहिला जातो. तथापि त्या संगणकावरील सॉफ्टवेअर कोठून आले, त्याचा परवाना कोणाच्या नावे आहे, असा प्रश्न केल्यास पुष्कळांस उत्तर देता येत नाही. बहुतेक वेळी विक्रेत्याने संगणक देतानाच ‘सगळे टाकून’ दिलेले असते. पुढे कधी पडद्याच्या कोपऱ्यात परवान्याची सूचना उमटली, म्हणजे एखादा मित्र पेनड्राइव्ह घेऊन येतो, ‘ॲक्टिव्हेटर’ चालवितो आणि सूचना नाहीशी होते. या व्यवहारात कोणालाही काही गैर वाटत नाही. प्रस्तुत लेखात या ‘ॲक्टिव्हेटर’चे स्वरूप समजावून घेण्याचा, आणि त्यावाचून संशोधकाचे काम चालेल की काय हे पाहण्याचा विचार आहे.

प्रथम, धोक्यात काय आहे ते पाहू. संगणक बिघडला तर दुसरा विकत घेता येतो. परंतु भूगोलाच्या एखाद्या विद्यार्थ्याने २०१६ च्या उन्हाळ्यात लातूर जिल्ह्यातील विहिरींची पातळी स्वतः मोजून ठेवली असेल, तर ती माहिती पुन्हा मिळवावयाची कशी? ज्या वर्षी मिरजेहून पाणी भरलेली पहिली रेल्वेगाडी १२ एप्रिल रोजी लातुरास पोचली, त्या वर्षीची ती पातळी होती; ते वर्ष परत येणार नाही. ३० सप्टेंबर १९९३ च्या किल्लारी भूकंपातून वाचलेल्यांच्या मुलाखती, किंवा १९४८ पूर्वीचे हैदराबाद संस्थान ज्यांनी डोळ्यांनी पाहिले अशा अगदी थोड्या उरलेल्या वृद्धांची ध्वनिमुद्रिते, यांची गोष्टही तीच. सांगणारा माणूस गेला म्हणजे त्या फाइलीची दुसरी प्रत जगात कोठेही नसते. आपल्या प्रदेशातील संशोधनाचा मोठा भाग हा अशा एकवार मिळणाऱ्या साधनांवर उभा आहे. ही गोष्ट ध्यानी घेतली म्हणजे पुढील विवेचन केवळ कायद्याच्या भीतीपोटी केलेले नाही, हे दिसून येईल.

आता ‘सक्रियण’ म्हणजे काय? सॉफ्टवेअर विकत घेणारा मनुष्य वस्तुतः ती वस्तू विकत घेत नसून ती वापरण्याची परवानगी घेत असतो. ही परवानगी खरी की खोटी, हे तपासण्यासाठी पूर्वी केवळ अक्षर-अंकांची एक ‘की’ पुरेशी असे. तीच की शंभर संगणकांवर चाले. २००१ साली मायक्रोसॉफ्टने विंडोज एक्सपीबरोबर निराळी पद्धत रूढ केली. पंचवीस अक्षरांची की आणि त्या विशिष्ट संगणकाच्या भागांवरून तयार होणारी एक खूण, ही दोन्ही कंपनीच्या सर्व्हरकडे पाठविली जातात. तेथून संमती आली म्हणजे सॉफ्टवेअर ‘सक्रिय’ होते. मोठ्या संस्थांना प्रत्येक संगणकासाठी असे करणे गैरसोयीचे होते, म्हणून त्यांच्यासाठी ‘केएमएस’ नावाची दुसरी सोय ठेवण्यात आली. हीत संस्थेचा स्वतःचा एक सर्व्हर असतो आणि संस्थेतील संगणक बाहेर न जाता त्याच्याकडेच हजेरी लावतात. अशी हजेरी लावणारे विंडोजचे किमान पंचवीस संगणक असावे लागतात. मिळालेली संमती १८० दिवस टिकते, आणि प्रत्येक संगणक दर सात दिवसांनी तिचे नूतनीकरण करू पाहतो.

अनधिकृत साधनांपैकी पुष्कळशी साधने याच सोयीचा गैरफायदा घेतात. ती त्या संगणकाच्या पोटातच एक खोटा सर्व्हर बसवितात. विंडोज विचारते, ‘परवाना आहे ना?’ आणि घरातलाच तोतया उत्तर देतो, ‘आहे.’ इतिहासाच्या विद्यार्थ्यांस पानिपतानंतर उद्भवलेल्या भाऊसाहेबांच्या तोतयाची कथा ठाऊकच आहे. त्याला मानणारे लोक सगळेच लबाड नव्हते. पुष्कळांना तो खरा असावा असे मनापासून वाटत होते, आणि त्याचे बळ त्यातच होते. येथेही ज्याला सूचना नाहीशी व्हावी असे वाटत असते, तो फारशी चौकशी करीत नाही.

हा तोतया घरात बसविण्यासाठी घरमालकास काय काय करावे लागते, याकडे मात्र लक्ष दिले पाहिजे. असे साधन चालविताना त्यास संगणकाचे संपूर्ण प्रशासकीय अधिकार द्यावे लागतात. म्हणजे कोणतीही फाइल वाचणे, बदलणे, पुसणे, नवे काही बसविणे, या सर्वांची मुभा. दुसरे, अँटिव्हायरस बंद करावयास सांगितले जाते. तिसरे, ते साधन बहुधा सांकेतिक शब्दाने कुलूपबंद केलेल्या गाठोड्यातून येते, आणि तो शब्द बाजूस लिहिलेला असतो. कुलूप असे उघड ठेवण्याचा हेतू सरळ आहे. माणसाने ते उघडावे, पण तपासणी करणाऱ्या यंत्रणेस आत पाहता येऊ नये. चौथे, ठराविक काळाने आपोआप चालणारे एक काम ते मागे ठेवून जाते. एखाद्या अनोळखी गृहस्थाने आपल्या विभागात येऊन ‘सर्व किल्ल्या द्या, पहारेकऱ्यास सुट्टी द्या, माझी पेटी तपासू नका, आणि मी दर आठवड्यास येत जाईन’ असे म्हटले असते, तर आपण काय केले असते?

येथे न्यायाने एक गोष्ट सांगितली पाहिजे. अशा प्रत्येक साधनात विषाणू असतोच, हे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. काही साधने जे सांगतात तेवढेच करतात. परंतु अडचण निराळी आहे. निरुपद्रवी साधन असो वा घातकी, अँटिव्हायरस दोहोंविषयी इशारा देतो. आणि दोन्ही प्रसंगी वापरणाऱ्यास तो इशारा झुगारूनच पुढे जावे लागते. ‘हा इशारा खोटा असतो, दुर्लक्ष करा’ हे वाक्य दोन्ही ठिकाणी सारखेच लिहिलेले असते. अर्थात ज्या क्षणी निवड करावयाची, नेमक्या त्याच क्षणी दोहोंतील भेद ओळखण्याचे एकमेव साधन आपण आपल्या हाताने बाजूस ठेवलेले असते. शिवाय जे साधन लोकप्रिय होते, त्याच्या नावाने नकली साधने निघतात, तोतयाचाही तोतया! ‘केएमएसपिको’ या नावाने फिरणाऱ्या अशाच एका गाठोड्यात ‘क्रिप्टबॉट’ हा सांकेतिक शब्द चोरणारा कार्यक्रम असल्याचे रेड कॅनरी या सुरक्षासंस्थेने २०२१ च्या डिसेंबरात दाखवून दिले. ‘केएमएसऑटो’ या नावाखाली पसरविलेल्या दुसऱ्या एका घातकी कार्यक्रमाचा तपास दक्षिण कोरियाच्या पोलिसांनी अनेक वर्षे केला, आणि २०२५ च्या अखेरीस एका लिथुआनियन इसमास जॉर्जियातून ताब्यात घेतले. तो कार्यक्रम जगभरात सुमारे २८ लाख वेळा उतरवून घेतला गेला होता, असे त्या पोलिसांचे म्हणणे आहे.

परंतु संशोधकांनी विशेष विचार करावा असे उदाहरण युरोपातील आहे. ते सोफोस या सुरक्षासंस्थेने मे २०२१ मध्ये प्रसिद्ध केले. संस्थेचे नाव अर्थातच गुप्त ठेवले होते. जीवरेणूंवर संशोधन करणारी एक संस्था. तिच्याशी संलग्न असलेला एक विद्यार्थी. त्यास माहितीचे आलेख काढणारे एक सॉफ्टवेअर घरी हवे होते, आणि त्याची किंमत त्यास परवडण्याजोगी नव्हती. त्याने फुकट पर्यायाची चौकशी केली; मनाजोगते उत्तर न मिळाल्यामुळे ‘क्रॅक’ केलेली प्रत शोधून काढली. संगणकाने इशारा दिला, तेव्हा त्याने विंडोजचा संरक्षक कार्यक्रम बंद केला, आणि फायरवॉलही बंद केली. ज्यास तो आलेखांचे साधन समजत होता, तो प्रत्यक्षात माहिती चोरणारा कार्यक्रम होता. त्याने विद्यार्थ्याच्या कळफलकावरील लिखाण टिपले, आणि त्यात संस्थेच्या जाळ्यात शिरण्याचा त्याचा सांकेतिक शब्दही होता. तेरा दिवसांनी त्याच शब्दाच्या आधारे कोणी तिऱ्हाइताने संस्थेच्या जाळ्यात प्रवेश केला. त्यानंतर दहा दिवसांनी ‘र्‍यूक’ नावाचा खंडणीखोर कार्यक्रम सोडण्यात आला आणि संस्थेच्या फाइली कुलूपबंद झाल्या. राखीव प्रती होत्या, पण त्या अगदी ताज्या नव्हत्या; त्यामुळे आठवड्याभराचे संशोधन कायमचे गेले, आणि सर्व संगणक व सर्व्हर मुळापासून पुन्हा उभारावे लागले.

या हकीकतीतील तो विद्यार्थी आम्हांस अगदी ओळखीचा वाटतो. तो लबाड नव्हता. त्यास आपले काम घरी बसून पुरे करावयाचे होते. संस्थेचा कारभारही फार ढिला होता असे दिसत नाही. आपल्या विभागांतून आणि महाविद्यालयांतून तर एकच संगणक दहाजण वापरतात, पेनड्राइव्ह हातोहात फिरतो, आणि ग्रंथालयाचा, ई-मेलचा व बँकेचा सांकेतिक शब्द एकच असण्याचा संभव पुष्कळ असतो. राखीव प्रत आठवड्याभरापूर्वीची असणे ही गोष्ट तर आमच्याकडे उत्तम शिस्तीची मानली जाईल. आपल्याकडील विद्यार्थ्यांच्या वाट्यास अधिक करून येणारा खंडणीखोर कार्यक्रम मात्र र्‍यूक नसून ‘स्टॉप’ किंवा ‘डीजेव्हीयू’ या कुळातील असतो. तो संस्थांपेक्षा एकट्यादुकट्या माणसास गाठतो, आणि त्याचा प्रसार मुख्यतः क्रॅक व ॲक्टिव्हेटर यांच्याच द्वारे होतो. त्याच्या जुन्या प्रकारांनी बंद केलेल्या फाइली उघडणारे मोफत साधन एम्सिसॉफ्ट या संस्थेने ऑक्टोबर २०१९ मध्ये उपलब्ध केले. त्यानंतरच्या बहुतेक प्रकारांवर मात्र तसा उपाय नाही.

दुसरा धोका अधिक सूक्ष्म आहे, आणि त्याची चर्चा फारशी होत नाही. सांख्यिकीय सॉफ्टवेअरची क्रॅक केलेली प्रत म्हणजे ज्याच्या मूळ आज्ञांत कोणी अनामिकाने फेरफार केला आहे असे साधन. तो फेरफार केवळ परवान्याच्या तपासणीपुरता आहे की आणखी कोठे आहे, हे कोण सांगणार? आकडेमोड चुकतेच असे आमचे म्हणणे नाही. बहुधा ती बरोबरच येत असेल. पण ‘बहुधा’ हा शब्द प्रबंधाच्या संशोधनपद्धतीच्या प्रकरणात लिहिता येत नाही. अशा प्रतीस उत्पादकाच्या सुधारणा मिळत नाहीत, त्यामुळे ज्ञात दोषही तसेच राहतात. आणि परीक्षकाने वा नियतकालिकाने ‘सॉफ्टवेअरची कोणती आवृत्ती, कोणत्या परवान्याने वापरली?’ असे विचारल्यास उत्तर देणे कठीण होते. संशोधनसाधनाचा परवाना ही केवळ कागदी बाब नाही, हे वैद्यकातील मोरिस्की मापनश्रेणीच्या प्रकरणावरून दिसले आहे. ती रुग्णांच्या औषधसेवनाविषयीची एक प्रश्नावली. परवान्यावाचून ती वापरल्याच्या कारणाने छापून आलेले निबंध लेखकांना मागे घ्यावे लागले.

कायद्याची बाजू थोडक्यात सांगता येईल. १९५७ च्या कॉपीराइट अधिनियमात १९८४ साली दुरुस्ती होऊन संगणकीय आज्ञावलीस साहित्यकृतीचे संरक्षण मिळाले. १९९४ च्या दुरुस्तीने त्यात कलम ६३-ख आले. हक्कभंग करणारी प्रत जाणूनबुजून संगणकावर वापरणाऱ्यास सात दिवसांपासून तीन वर्षांपर्यंत कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख रुपये दंड, असे हे कलम सांगते. वापर लाभासाठी वा व्यापारासाठी नसेल, तर न्यायालयास विशेष कारणे नमूद करून कैद माफ करता येते व दंड पन्नास हजारांपर्यंत ठेवता येतो. २०१२ च्या दुरुस्तीतील कलम ६५-क हे हक्कभंगाच्या हेतूने तांत्रिक कुलूप चुकविण्यासच शिक्षा सांगते. मर्यादा दोन वर्षे कैद, शिवाय दंड. ‘शिक्षणासाठी सर्व चालते’ असा एक समज विद्यार्थ्यांत आहे. त्याचे मूळ बहुधा दिल्ली विद्यापीठाच्या झेरॉक्स-खटल्याच्या २०१६ च्या निकालांत असावे. परंतु तेथे प्रश्न अध्यापनासाठी पुस्तकांतील उतारे छापून देण्याचा होता. सॉफ्टवेअरचे कुलूप तोडण्याशी त्याचा संबंध नाही.

इतके सांगितल्यावर एक आक्षेप येतो, आणि तो खरा आहे. शिष्यवृत्तीवर अथवा घरच्या तीन एकर कोरडवाहू जमिनीवर शिकणाऱ्या मुलाने हजारो रुपयांचे परवाने आणावेत कोठून? नियतकालिकांच्या बाबतीत केंद्र सरकारने १ जानेवारी २०२५ पासून ‘एक राष्ट्र एक वर्गणी’ योजना सुरू करून सुमारे तेरा हजार नियतकालिके शासकीय संस्थांस खुली केली. सॉफ्टवेअरसाठी तशी योजना नाही, आणि ही उणीव आहे असे आमचे स्पष्ट मत आहे. मात्र तोवर हात बांधून बसण्याचेही कारण नाही.

मराठी भाषेची येथे एक सोय आहे. इंग्रजीत ज्या एकाच शब्दाने दोन अर्थ सांगावे लागतात, त्यासाठी आपल्याकडे ‘फुकट’ आणि ‘मुक्त’ हे दोन शब्द आहेत. ॲक्टिव्हेटरने मिळते ते फुकट. त्याच्या आत काय आहे हे पाहता येत नाही. रिचर्ड स्टॉलमन यांनी १९८३ साली ज्या चळवळीचा आरंभ केला, तिचे सॉफ्टवेअर मुक्त असते. त्याच्या आज्ञा कोणासही वाचता येतात, तपासता येतात, बदलून इतरांस देता येतात. बहुधा ते विनामूल्यही असते, पण ती दुय्यम गोष्ट होय. संशोधकास हे विशेष मोलाचे आहे, कारण आकडा कसा निघाला हे अखेरपर्यंत दाखविता येते.

सामाजिक शास्त्रांत व वाणिज्यात ज्या एसपीएसएसचा आग्रह धरला जातो, त्याचे काम बव्हंशी ‘पीएसपीपी’वर होते, तो त्याच पद्धतीच्या फाइली उघडतो, आणि त्याचे पडदेही ओळखीचे वाटतात. ‘जामोवी’ आणि ॲमस्टरडॅम विद्यापीठात तयार झालेला ‘जास्प’ हे दोन्ही शिकावयास सोपे आहेत; टी-कसोटी, प्रसरण-विश्लेषण, समाश्रयण, घटक-विश्लेषण इतके पीएच. डी.च्या सर्वसाधारण प्रबंधास पुरते. त्यापुढे जावयाचे असल्यास न्यूझीलंडमधील ऑकलंड येथे इहाका व जेंटलमन या दोन प्राध्यापकांनी निर्मिलेली ‘आर’ ही भाषा आहे. ती शिकण्यास दोनतीन महिने जातात, हे लपविण्यात अर्थ नाही. पण ते महिने वाया जात नाहीत. नकाशांसाठी ‘क्यूजीआयएस’ हे आज व्यवसायातही चालते; मांजरा खोऱ्यातील विहिरींचा नकाशा त्यावर उत्तम निघेल. गणितींसाठी ‘सायलॅब’ व ‘ऑक्टेव्ह’, संदर्भांसाठी ‘झोटेरो’, लेखनासाठी ‘लिबरऑफिस’. या शेवटच्याविषयी एक इशारा देणे प्राप्त आहे. मार्गदर्शकांकडे वर्ड असेल, तर फाइल जाण्यायेण्यात तक्ते व पृष्ठक्रमांक थोडे सरकतात. म्हणून अंतिम प्रत पीडीएफ स्वरूपातच पाठवावी. शिकण्याच्या दृष्टीने मुंबई आयआयटीच्या ‘फॉसी’ व ‘स्पोकन ट्युटोरियल’ या उपक्रमांचा उल्लेख केला पाहिजे. त्यांतील पुष्कळ पाठ मराठीतही आहेत.

ज्यांस मूळ सॉफ्टवेअरच हवे, त्यांनी प्रथम आपल्या संस्थेकडे चौकशी करावी. पात्र शिक्षणसंस्थेच्या ई-मेलवर मायक्रोसॉफ्टचे वर्ड, एक्सेल इत्यादी ब्राउझरमधून विनामूल्य वापरता येतात. ऑटोडेस्कसारख्या कंपन्या विद्यार्थ्यांस मुदतीचा विनामूल्य परवाना देतात. पुष्कळ ठिकाणी असे ई-मेल दिलेले असतात आणि कोणी उघडलेलेच नसतात! जुन्या संगणकांचा प्रश्न मात्र निराळा आहे. विंडोज १० चे नियमित साहाय्य १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपले, आणि प्रयोगशाळांतील कित्येक यंत्रे विंडोज ११ स्वीकारण्यास असमर्थ आहेत. त्यांवर उबुंटू, लिनक्स मिंट किंवा सी-डॅकने तयार केलेले ‘बॉस’ घालून पाहावे. आठदहा वर्षांचे यंत्रही त्यावर समाधानकारक चालते.

मराठीत प्रबंध लिहिणाऱ्यांसाठी आणखी एक बाब आहे. अक्षरजुळणीच्या जुन्या मराठी प्रणालींना पुष्कळदा ‘डाँगल’चे कुलूप असे, आणि ते तोडलेल्या प्रती टंकलेखनाच्या दुकानांतून सर्रास चालत. त्यांतील लिपिचिन्हांची मांडणी ज्याची त्याची निराळी. त्यामुळे वीस वर्षांपूर्वीचा प्रबंध आज उघडला, तर पडद्यावर निरर्थक रोमन अक्षरांची रांग दिसते. आज युनिकोड आणि इन्स्क्रिप्ट कळफलक विंडोज व लिनक्स दोहोंतही अंगभूतच आहेत. ‘लोहित’, ‘मुक्ता’, ‘नोटो’ हे देवनागरी टंक मुक्त परवान्याने मिळतात. ज्यांच्यापाशी जुन्या टंकांतील साहित्य असेल, त्यांनी मूळ प्रणाली चालू आहे तोवरच ते युनिकोडमध्ये उतरवून घ्यावे.

ज्या संगणकावर असे साधन पूर्वी चालविले गेले आहे, त्याचे काय करावे? साधन पुसून टाकणे पुरेसे नाही. त्याने मागे काय ठेवले हे सांगता येत नाही. प्रथम त्या यंत्राचे इंटरनेट तोडावे. मग केवळ स्वतःचे लिखाण, तक्ते, छायाचित्रे व ध्वनिमुद्रिते बाह्य तबकडीवर घ्यावीत. कार्यक्रमांच्या फाइली घेऊ नयेत. त्यानंतर दुसऱ्या, विश्वासार्ह संगणकावर बसून ई-मेल, बँक व विद्यापीठ यांचे सांकेतिक शब्द बदलावेत. हे काम त्याच यंत्रावर केल्यास नवे शब्दही चोराच्या हाती जातात, आणि ही चूक फार जण करतात. मग यंत्र कोरे करून नव्याने प्रणाली बसवावी, आणि बाह्य तबकडीवरील फाइली तपासणी करूनच परत आणाव्यात. फाइली आधीच कुलूपबंद झाल्या असतील, तर खंडणी देऊ नये व त्या फाइली पुसूही नयेत. आज न उघडणारी फाइल किल्ली सापडल्यास पुढे उघडू शकते. पैशाची फसवणूक झाली असल्यास १९३० या राष्ट्रीय क्रमांकावर त्याच दिवशी कळवावे. क्षेत्रकार्याच्या ध्वनिमुद्रितांची एक प्रत मात्र, संगणक स्वच्छ असो वा नसो, आजच विभागाच्या कपाटात, संगणकास न जोडलेल्या तबकडीवर ठेवून द्यावी.